काळी झाली म्हणजे शिजली नव्हे!

दोस्तांनो, थंडीत सोलापूरकडे शेतात आगटी पेटते, हुरडा भाजतात आणि सोबत शेंगाचटणी! घरच्या अंगणात शेगडीवर कोंबडीही अशीच भाजता येते. पण घाई नको हं! ज्वाळेवर धरली, तर वरून कोळसा नि आत कच्ची. कच्च्या कोंबडीत साल्मोनेला नावाचे रोगजंतू असू शकतात. मांस आतपर्यंत ७४ अंश सेल्सिअस तापलं की ते मरतात.

म्हणून निखारे एका बाजूला सारा, जाळीवर कोंबडी दुसऱ्या बाजूला ठेवा, वर पातेलं पालथं घाला. धग आणि धूर आतच कोंडतात. शेंगाचटणी, दही, गूळ कालवून केलेला सॉस अगदी शेवटी लावा; गूळ चटकन करपतो. तंगडीच्या हाडाजवळ सुरी खुपसा. रस गुलाबी दिसला? मग आणखी भाजा! आणि हो, निखाऱ्यापाशी आई-बाबा हवेतच.