पेन्शन फंड आणि पॉझिटिव्ह फीडबॅक

'पेन्शन' हा शब्द दिसला की होस्टेलवाले पान उलटणार, हे मला ठाऊक आहे. पण जरा थांबा. सप्टेंबर २०२२ मध्ये ब्रिटनचा सरकारी रोख्यांचा बाजार याच सुस्त वाटणाऱ्या पेन्शन फंडांमुळे कोसळायच्या बेतात आला होता. आणि त्यामागचं गणित आपल्या कंट्रोल सिस्टिम्सच्या पुस्तकातलं आहे!

आधी थोडी थिअरी. फिलिप डेव्हिस हे ब्रिटिश अर्थतज्ज्ञ. आधी बँक ऑफ इंग्लंडमध्ये, मग ब्रुनेल विद्यापीठात. पेन्शन फंडांवरचं त्यांचं पुस्तक १९९५ साली आलं. बँकेतले पैसे लोक एका दिवसात काढू शकतात. पेन्शनचे पैसे निवृत्तीपर्यंत कोणी मागत नाही. म्हणून बाजार पडला तरी फंड शांत बसू शकतो, उलट स्वस्तात खरेदी करू शकतो. थोडक्यात, शॉक ॲब्सॉर्बर. पण डेव्हिस यांनी दुसरी बाजूही मांडली. असे मोठे गुंतवणूकदार कळपाने विकायला निघाले, तर घेणाराच उरत नाही.

ब्रिटनमध्ये तेच झालं. तिथल्या अनेक कंपन्यांच्या जुन्या योजनांत पेन्शन किती द्यायची ते आधीच ठरलेलं असतं. (आपल्या एनपीएसमध्ये ते बाजारावर ठरतं. स्टाफपैकी अनेकांना हे चांगलंच माहीत असेल.) व्याजदर घसरले की ही देणी आजच्या हिशेबात फुगतात. त्यावर उपाय म्हणून फंडांनी 'एलडीआय' ही पद्धत धरली. हातातले रोखे तारण ठेवायचे, उसने पैसे घ्यायचे आणि त्यातून आणखी रोखे घ्यायचे.

२३ सप्टेंबरला अर्थमंत्री क्वासी क्वार्टेंग यांनी मोठी करकपात जाहीर केली. पैसा कुठून येणार ते सांगितलं नाही. बाजार बिथरला. काही दिवसांतच ३० वर्षांच्या रोख्यांचा व्याजदर जवळपास दीड टक्क्याने चढला. व्याजदर चढला की रोख्याचा भाव पडतो. भाव पडला म्हणून तारण कमी पडलं, तारणासाठी रोखे विकले, विकल्यामुळे भाव आणखी पडला. लूप गेन एकाच्या वर!

गंमत म्हणजे व्याजदर वाढल्याने फंडांची देणी खरं तर कमी झाली होती. कागदावर तब्येत सुधारलेली, हातात मात्र रोकड नाही. महिनाअखेरीला आपली असते तशीच गत.

२८ सप्टेंबरला बँक ऑफ इंग्लंडने स्वतः रोखे घ्यायला सुरुवात करून लूप तोडला. १४ ऑक्टोबरपर्यंत तिने १९.३ अब्ज पौंडांचे रोखे घेतले. या उधारीचा धोका बँकेने २०१८ मध्येच नोंदवला होता, तरी वेळीच काही झालं नाही, हे मला जास्त खटकतं. मार्च २०२३ मध्ये बँकेच्या समितीने सांगितलं की व्याजदर किमान अडीच टक्के उसळला तरी एलडीआय फंड तगले पाहिजेत. आपल्या भाषेत, गेन मार्जिन.