छेद घालवायचा कसा?

१९७६ साली खाणीत द्विभुज गणपतीची मूर्ती सापडली आणि वेंगुर्ले तालुक्यातलं रेडी भाविकांच्या नकाशावर आलं. ती खाण लोहखनिजाची. हेमॅटाइट हे लोहखनिज शुद्ध असेल, तर त्यात लोखंडाच्या दर दोन अणूंमागे ऑक्सिजनचे तीन अणू असतात. अणुभार ५६ आणि १६ धरले, तर वजनाच्या १६० भागांत ११२ भाग लोखंड, म्हणजे ७/१०. खाणीतल्या खनिजात मात्र माती आणि सिलिका मिसळलेली असते, त्यामुळे लोखंडाचं प्रमाण ढिगागणिक बदलतं. कारखान्याला हवा असतो ठरलेल्या प्रतीचा माल. मग सरस आणि हलकं खनिज हिशेबानं एकत्र करावं लागतं.

समजा, एका ढिगात ३/५ लोखंड आहे, दुसऱ्यात १/२. दोन्ही मिळून १,००० टन माल करायचा आणि त्यात ५८० टन लोखंड यायला हवं. पहिल्या ढिगातून क्ष टन उचलले, तर:

३क्ष/५ + (१००० − क्ष)/२ = ५८०

छेद दिसले की पुष्कळ मुलं धास्तावतात. खरं तर ते एका फटक्यात जातात. ५ आणि २ यांचा लसावि १०. दोन्ही बाजूंना १० नं गुणा. ६क्ष + ५००० − ५क्ष = ५८००, म्हणून क्ष = ८००. ताळा पाहा: पहिल्या ढिगाचं ४८० टन लोखंड, दुसऱ्याचं १००.

भास्कराचार्यांनी ११५० सालच्या ‘लीलावती’त छेद घालवण्याची आणखी एक वाट दाखवली आहे: इष्टकर्म. कमळांच्या राशीतला तिसरा हिस्सा शंकराला, पाचवा विष्णूला, सहावा सूर्याला, चौथा देवीला वाहिला. उरलेली ६ कमळं गुरूंना. एकूण किती? सोयीसाठी ६० धरा. वाटणी होते २०, १२, १० आणि १५, उरतात ३. उरायला हवीत ६, म्हणजे दुप्पट. उत्तर १२०. कुठलीही संख्या धरली तरी हेच उत्तर येतं, पण ६० धरली की अपूर्णांक वाटेत आडवाच येत नाही, कारण ६० हा त्या चारही छेदांचा लसावि आहे. लसावि कशासाठी काढायचा, हे मुलांना याहून स्वच्छ कुठल्या उदाहरणानं कळेल? वर्गात हे गणित आधी यावं आणि नियम मागून.

खनिजाच्या गणितात मात्र हे सरळ चालत नाही. तिथे क्षच्या जोडीला १००० ही बांधलेली रक्कम आहे. क्ष दुप्पट केला म्हणून डावी बाजू दुप्पट होत नाही. अशा वेळी अज्ञात राशीला नाव देऊन समीकरणच मांडावं लागतं. भास्कराचार्यांच्या ‘बीजगणित’ ग्रंथात ते नाव ‘यावत्तावत्’ असं आहे.

‘लीलावती’तलंच भुंग्यांचं गणित चुका पकडायला उत्तम. थव्याचा पाचवा भाग कदंबावर, तिसरा शिलींध्रावर, या दोहोंतल्या फरकाची तिप्पट कुटजावर, आणि एक भुंगा हवेत घिरट्या घालतोय. थवा क्ष भुंग्यांचा धरून समीकरण १५ नं गुणताना बहुतेकांचा हात अपूर्णांकांपुरताच चालतो आणि तो एकटा भुंगा १ च राहतो. त्याचेही १५ करायचे: ३क्ष + ५क्ष + ६क्ष + १५ = १५क्ष. थवा १५ भुंग्यांचा: ३, ५, ६ आणि १.