मेसेजमधला डाव आणि हार-जितीची वही

माझी भाची कॅलिफोर्नियात सॅन होजेला असते. उन्हाळ्यात तिचं घड्याळ आपल्या साडेबारा तास मागे. ती रात्री अकराला झोपता झोपता मेसेजमधल्या पूल टेबलावर एक फटका मारून पाठवते, तेव्हा माझ्याकडे साडेअकराच्या कुकरच्या शिट्ट्या चाललेल्या असतात. मी जेवणं आटोपली की माझा फटका पाठवते, तो तिला उठल्यावर दिसतो. एकेक डाव दोन-दोन दिवस पुरतो. फोनवर बोलायला वेळ जमला नाही तरी पाळी कुणी चुकवत नाही. गेल्या गणपतीत तिने नवा फोन घेतला आणि पहिलाच मेसेज आला : "मावशी, माझे सगळे विजय गेले गं! आता कुठे शोधू?"

मी शोधायला बसले. ओळखीच्या लोकांना विचारलं, तर प्रत्येकाने आत्मविश्वासाने वेगळं उत्तर दिलं आणि बहुतेक उत्तरं चुकीची निघाली. ती इथे एकेक करून घेते.

"आकडा फोनमध्ये कुठेतरी असतोच, फक्त सापडत नाही"

हा समज सगळ्यात घट्ट बसलेला आहे, म्हणून इथे जरा थांबू. ॲपलने सप्टेंबर 2016 मध्ये आयफोनसाठी आयओएस 10 ही प्रणाली आणली आणि आयमेसेज या ॲपलच्या मेसेज-सेवेच्या आत चालणारी छोटी ॲप्स सुरू झाली. 'गेमपिजन' हा खेळांचा संच तेव्हापासूनचा. अशा खेळांसाठी ॲपलने जी व्यवस्था दिली, तिच्यात प्रत्येक खेळी हा एक मेसेज असतो. कुठला चेंडू कुठे आहे, पाळी कुणाची, ही सगळी स्थिती एका वेब-पत्त्यासारख्या ओळीत गुंडाळून त्या मेसेजबरोबर जाते. समोरच्याने त्या मेसेजच्या बुडबुड्यावर बोट ठेवलं की त्याच्या फोनमधला खेळ ती ओळ वाचतो आणि टेबल जसंच्या तसं मांडतो. म्हणजे डाव मेसेजमध्ये राहतो. त्याच्यासाठी दूर कुठे कचेरी उघडून कुणी खतावणी घेऊन बसलेलं असायची गरजच नाही.

पोस्टकार्डावर बुद्धिबळ खेळणारे लोक आपल्याकडेही होते. एका कार्डावर एक खेळी, उत्तराचं कार्ड यायला आठवडा. टपालाने बुद्धिबळ खेळणाऱ्यांची आंतरराष्ट्रीय संघटना 1951 पासून आहे. त्या खेळात कार्डावर फक्त खेळी असे. वर्षभरात किती डाव जिंकले हे टपाल खातं सांगू शकत नव्हतं, ते खेळाडू स्वतःच्या वहीत लिहीत. मेसेजमधला खेळ घडणीने त्या पोस्टकार्डाचाच नातू आहे. खेळ बनवणाऱ्याने वेगळी बेरीज ठेवली असेल तरच आकडा असतो, आणि तोही त्या खेळाच्या आतच.

म्हणून शोधायची जागा एकच. खेळ पूर्ण पडदाभर उघडा आणि आपलं चित्र किंवा दात्यांच्या चाकाची खूण जिथे असेल तिथे पाहा. तिथे नसेल, तर फोनच्या सेटिंगमध्ये तास घालवून उपयोग नाही. मग उरतं ते संभाषण. संपलेल्या डावाचा निकाल शेवटच्या बुडबुड्यावर असतो, आणि एकाच डावातले आधीचे बुडबुडे मिटून त्यांची एकेक ओळ उरते. वर सरकवत सरकवत निकाल मोजता येतात. काम कंटाळवाणं आहे, पण आकडा खरा मिळतो. संभाषण पुसलं असेल, तर तोही मार्ग बंद.

"ॲपलला माहीत असणारच", "गेम सेंटरमध्ये बघ"

आयमेसेजचा मजकूर दोन्ही टोकांना कुलूपबंद असतो, मध्ये बसलेल्या ॲपलला तो वाचता येत नाही. त्यामुळे तुमच्या पूलच्या डावांची बेरीज ॲपलकडे मागण्यात अर्थ नाही.

गेम सेंटर ही वेगळी चीज. ती 2010 मध्ये आली. 2016 मध्ये, म्हणजे मेसेजमधले खेळ आले त्याच आयओएस 10 मध्ये, तिचं वेगळं ॲप काढून टाकलं आणि ती सेवा फोनच्या सेटिंगमध्ये गेली. ज्या खेळाच्या निर्मात्याने आपला खेळ तिला मुद्दाम जोडला, त्याचेच गुण तिथे दिसतात. मेसेजमध्ये खेळलेला डाव आपोआप तिथे उमटत नाही. माझ्या शेजारच्या मुलाने अर्धा तास तिथे शोधलं. त्याला जे सापडलं ते भलत्याच खेळातलं जुनं पदक.

"नव्या फोनवर सगळं येतंच की"

भाचीचं इथेच फसलं. तिचे मेसेज नव्या फोनवर आले होते. 2018 पासून मेसेज आयक्लाउडवर ठेवता येतात, त्यामुळे जुनं संभाषण जसंच्या तसं दिसत होतं. पण मेसेज येणं आणि खेळाचा साठा येणं या दोन वेगळ्या गोष्टी.

शिवाय आयमेसेजमधल्या खेळाला तुमचं नाव किंवा नंबर कळत नाही. ॲपल त्याला संभाषणातल्या प्रत्येक माणसासाठी फक्त एक लांब, निरर्थक खूण देतं. ही खूण त्या फोनपुरती आणि त्या खेळापुरती असते. खेळ काढून पुन्हा टाकला की खूण बदलते, आणि दुसऱ्या फोनवर तीच व्यक्ती वेगळ्या खुणेने ओळखली जाते. तुमची ओळख जपली जावी म्हणून हे केलं आहे, आणि मला ते योग्य वाटतं. त्याचा परिणाम मात्र असा, की एवढ्या खुणेवर विसंबणाऱ्या खेळाला 'ही तीच मावशी' हे कळायला वाव राहत नाही.

यात एक बारीक गोष्ट उपयोगाची आहे. फोनमध्ये जागा कमी पडली की आपण खेळ उडवतो. आयफोनच्या स्टोरेजच्या यादीत ॲपच्या नावावर गेलं की दोन पर्याय दिसतात : 'ऑफलोड ॲप' आणि 'डिलीट ॲप'. पहिल्यात ॲप जातं पण त्याचा साठा फोनमध्येच राहतो. दुसऱ्यात साठाही जातो. आकड्यांची किंमत असेल तर दुसऱ्यावर बोट ठेवू नका. नवा फोन घेताना जुन्यावरून थेट किंवा पूर्ण बॅकअपमधून सगळं हलवा. नुसतं खात्यात शिरून ॲप्स नव्याने उतरवली, तर हिशेब मागेच राहण्याची शक्यता जास्त.

"हिशेब काढून देणारी ॲप्स मिळतात"

अशा ॲपपासून लांब राहा. आयफोनवर कुठल्याही बाहेरच्या ॲपला तुमचे आयमेसेज वाचायची मुभा नाही. संभाषणाच्या आत चालणाऱ्या खेळालाही बाजूचे मेसेज दिसत नाहीत. मग 'आम्ही तुमची हार-जीत मोजून देतो' म्हणणारा ती मोजणार कशी? तो तुमचा ॲपल आयडी आणि पासवर्ड मागत असेल, तर त्याला काय हवं आहे ते उघड आहे. घरातल्या मुलांना हे आवर्जून सांगा.

"सगळ्या मेसेज ॲपांत सारखंच असतं"

सारखं नसतं. फेसबुक मेसेंजरमध्ये 2016 च्या सुमारास एक बुद्धिबळ लपलेलं होतं. संभाषणात 'ॲट एफबीचेस प्ले' अशी आज्ञा लिहिली की पट उघडे, आणि 'प्ले'ऐवजी 'स्टॅट्स' लिहिलं की त्या दोघांमधल्या डावांचा हिशेब समोर येई. ज्याला हार-जीत शोधायची आहे त्याला याहून सोपं काय हवं! टेलिग्रामने त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये खेळांची व्यवस्था आणली. तिथे प्रत्येक गटाचा स्वतःचा गुणफलक असतो. कुटुंबाच्या गटातला उच्चांक मित्रांच्या गटात दिसत नाही, म्हणून 'माझा स्कोअर गायब झाला' म्हणणारा बहुधा दुसऱ्याच गटात पाहत असतो. आणि तो उच्चांक असतो, हार-जीत नव्हे. शंभरदा हरून एकदा चांगलं खेळलात तरी फलकावर ते एकदाचंच दिसतं.

व्हॉट्सॲपवर हिरव्या-पिवळ्या चौकोनांची लाट आली होती ती वर्डलची. तो खेळ व्हॉट्सॲपमध्ये कधीच नव्हता. चौकोन तेवढे तिथे चिकटवले जात. सुरुवातीला त्याचा हिशेब ज्याच्या-त्याच्या ब्राउझरमध्ये राही. 2022 मध्ये न्यूयॉर्क टाइम्सने तो विकत घेऊन आपल्या संकेतस्थळावर हलवला, तेव्हा हिशेब बरोबर आणायची सोय असूनही काही लोकांची सलग दिवसांची माळ तुटली. लोक हळहळले, आणि त्यात हसण्यासारखं काही नाही. शंभर दिवस न चुकता जपलेली गोष्ट ती.

जिथे खातं उघडून खेळावं लागतं तिथे चित्र पालटतं. लिचेस या मोफत बुद्धिबळाच्या संकेतस्थळावर तुमचा प्रत्येक डाव तारखेसकट राहतो, आणि एखाद्या मित्राबरोबरच्या डावाखाली तुम्हा दोघांचा आजवरचा परस्पर हिशेबही दिसतो. फोन बदला, शहर बदला, खात्यात शिरलात की सगळं जागच्या जागी. हिशेब हवाच असेल तर खात्यावर चालणारा खेळ निवडा.

"ज्याची जिंकण्याची टक्केवारी जास्त, तो चांगला खेळाडू"

आकडा सापडल्यावर ही चूक होते, आणि माझ्या मते ती आकडा हरवण्यापेक्षा मोठी आहे. समजा, दोघी अगदी बरोबरीच्या आहेत आणि दहा डाव खेळल्या. त्यातली एक ठरावीक जण सात किंवा अधिक डाव जिंकेल, ही शक्यता सुमारे 17 टक्के. म्हणजे सहांतून एकदा असं निव्वळ योगायोगाने घडतं. तेच शंभरांत सत्तर किंवा अधिक जिंकणं घ्या : बरोबरीच्या खेळाडूंत ते साधारण पंचवीस हजारांतून एकदाच घडेल. टक्केवारी दोन्हीकडे सत्तरच. दहा डावांवरून कुणाला चिडवू नये. शंभरांवरून मात्र मान्य करावं.

पहिली खेळी कुणाची, हेही पाहावं लागतं. चार सोंगट्या एका ओळीत आणायचा खेळ मुलं फार खेळतात. सात उभ्या रांगांच्या नेहमीच्या पटावर पहिल्याने मधल्या रांगेतून सुरुवात करून अचूक खेळलं, तर तो जिंकतोच. हे 1988 मध्ये जेम्स ॲलन आणि व्हिक्टर ॲलिस यांनी स्वतंत्रपणे दाखवून दिलं. बुद्धिबळातही पांढऱ्याच्या पदरात साधारण 54-55 टक्के गुण पडतात. नेहमी एकच जण सुरुवात करत असेल, तर हिशेबात खोट राहते.

समोर कोण होतं, ही तिसरी गोष्ट. याच अडचणीतून अर्पाद एलो या हंगेरीत जन्मलेल्या अमेरिकी प्राध्यापकाने आपली गुणांकनाची पद्धत काढली आणि 1970 मध्ये ती जागतिक बुद्धिबळ महासंघाने स्वीकारली. तिच्यात आधी अपेक्षा मांडतात : गुणांकनात 200 चा फरक असेल तर वरच्याला सुमारे 76 टक्के गुण मिळावेत, 400 असेल तर 91. अपेक्षेपेक्षा जास्त मिळवलं तरच गुणांकन वाढतं. ऑनलाइन बुद्धिबळात तुम्हाला तुमच्याच तोडीचा प्रतिस्पर्धी दिला जातो. म्हणून वर्षानुवर्षं खेळून सुधारलेल्या माणसाचीही टक्केवारी पन्नाशीच्या आसपास राहते. त्याचं गुणांकन चढलेलं असतं, टक्केवारी तिथेच.

जुलै 2025 मध्ये जॉर्जियातल्या बाटुमीला नागपूरच्या दिव्या देशमुखने महिला विश्वचषक जिंकला. स्पर्धेत तिचं मानांकन पंधरावं होतं. अंतिम फेरीत कोनेरू हंपीविरुद्ध चार डाव झाले, तीन बरोबरीत सुटले आणि दिव्याने फक्त एक जिंकला. टक्केवारीच काढायची तर चारांत एक, म्हणजे पंचवीस. त्या एका डावाने ती विश्वचषकाची मानकरी आणि ग्रँडमास्टर झाली.

वहीचं काय?

आमच्या घरी पत्त्यांतलं जजमेंट खेळताना गुण कालनिर्णयच्या पाठीमागे लिहिले जात. पाच-तीन-दोनमध्ये कुणाला किती हात ओढायचे आहेत हे लक्षात ठेवण्यावरून भांडणं होत, तीही कागदावर आली की मिटत. भाचीला मी तेच सुचवलं. दोघींच्या फोनवर एक सामायिक नोंद उघडली : तारीख, खेळ, सुरुवात कुणी केली, जिंकलं कोण. चार रकाने, डाव संपला की लगेच भरायचे. जुने डाव संभाषणातून मोजायचा नाद सोडला, कारण मधला बराच भाग तिने कधीतरी पुसला होता. तुम्हीही हाच मार्ग घ्या. हार-जीत तुमच्यासाठी मोलाची असेल, तर ती आजपासून स्वतः लिहायला लागा.

आमच्या नोंदीत आतापर्यंत एकोणीस डाव आहेत. भाचीचे अकरा, माझे आठ. तिने दहा वेळा सुरुवात केली आहे, मी नऊ वेळा, त्यामुळे विसाव्या डावाची पहिली खेळी माझी आहे.