परमुलखातला रोजा

तिसगावात मगरीबची अजान होण्याआधीचा अर्धा तास एकदम वेगळा असतो. नगर-पाथर्डी रस्त्यावर वाहनांची ये-जा सुरूच असते. पण फळांच्या गाड्यांभोवती टोप्या घातलेली मुले जमू लागतात. कलिंगडाच्या फोडी, खजूर, केळी, गरम भजी पिशव्यांत भरली जातात. फळवाला मुस्लिम असेलच असे नाही, पण घड्याळ त्याला पाठ असते. "चला, पटपट घ्या, दहाच मिनिटे राहिलीत," असे तोच गिऱ्हाइकांना सांगतो. शेजारच्या हिंदू घरातली बाई ताटावर रुमाल झाकून काहीतरी पाठवते. रोजा कोणाचा आहे आणि तो कधी सुटतो, हे गावाला विचारावे लागत नाही.

अशा गावातून शिकून बाहेर पडलेली मुले आज पुण्या-मुंबईतच नव्हे, तर लंडन, बर्मिंगहॅम, टोरंटोपर्यंत पोचली आहेत. घरी अम्मी दस्तरखानावर बसते, तेव्हा इंग्लंडमध्ये दुपारचा एक वाजून गेलेला असतो. मुलगा फोनवरून घरचा इफ्तार पाहतो. त्याच्या आजूबाजूला सहकारी डबे उघडून जेवत असतात. त्यांतला एखादा आस्थेने विचारतो, "पाणीसुद्धा प्यायचे नाही?" पाश्चात्त्य देशांतल्या बहुतेक रोजेदारांना हा प्रश्न दरवर्षी नव्याने ऐकावा लागतो. गावात ज्याचे उत्तर कधी द्यावे लागले नाही, ते तिथे रोज द्यावे लागते.

पहिला फरक पडतो तो सूर्याचा. इस्लामी वर्ष चंद्राचे, त्यामुळे रमजान दरवर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो आणि सगळ्या ऋतूंतून फिरून येतो. आपल्याकडे रोजा थंडीत साडेबारा तासांच्या आसपास, तर उन्हाळ्यात साडेचौदा तासांपर्यंत असतो. लंडनमध्ये तोच रोजा डिसेंबरात जेमतेम 10 तासांचा आणि जूनमध्ये 18 तासांहून मोठा होतो. त्याहून उत्तरेला उन्हाळ्यात रात्र नीट काळोखी होतच नाही. अशा ठिकाणी जवळच्या शहराचे किंवा मक्केचे वेळापत्रक पाळावे, अशी मुभा अनेक उलेमांनी दिली आहे. अजान बहुतेक ठिकाणी मशिदीच्या आतच होते. बाहेर आधार मोबाइलचा. चंद्राचाही प्रश्न असतोच. कोणी सौदी अरेबियाची घोषणा मानतो, कोणी स्थानिक चंद्रदर्शन, आणि एकाच शहरात दोन दिवस ईद साजरी होते. ईदला सरकारी सुट्टी नसते. शीरखुर्मा खाऊन लगोलग ऑफिस गाठणारे कमी नाहीत.

हे सारे सवयीने जमते. जड जातो तो ओळखीचा प्रश्न. 2021 च्या जनगणनेनुसार इंग्लंड आणि वेल्समध्ये सुमारे 39 लाख मुस्लिम आहेत, म्हणजे लोकसंख्येच्या 6.5 टक्के. त्यांत पाकिस्तानी, बांगलादेशी, सोमाली, अरब, तुर्क असे नाना देशांचे लोक आहेत. अहिल्यानगर जिल्ह्यातून गेलेला तरुण मशिदीत उभा राहिला की शेजारचा नमाजी त्याला पाकिस्तानी समजतो. आपण भारतातले, महाराष्ट्रातले, घरात दखनी आणि बाजारात मराठी बोलणारे, हे त्याला समजावून सांगावे लागते. दुसरीकडे मराठी माणसे भेटली की नावापाशी अडखळतात. "तुमचं मराठी छान आहे हो!" ही शाबासकी त्याला तिथेही मिळते. ती प्रेमानेच दिलेली असते. पण आपल्याच मायबोलीसाठी शाबासकी घेताना कोणालाही थोडे अवघडल्यासारखे होणारच. लंडनचे महाराष्ट्र मंडळ 1932 पासूनचे आहे. मराठीपण परदेशातही जपता येते, याचा तो जुना पुरावा. त्या मराठीपणात सलीम आणि शबाना या नावांनाही सहज जागा असावी, एवढीच या तरुणांची अपेक्षा असते.

हा अनुभव आजचा नाही. सव्वाशे वर्षांपूर्वी पुण्याचे मौलवी रफिउद्दीन अहमद यांनी तो घेतला होता. डेक्कन कॉलेजात शिकून ते लंडनला गेले, किंग्ज कॉलेजात शिकले, बॅरिस्टर झाले. राणी व्हिक्टोरियाला हिंदुस्थानी शिकवणारे मुन्शी अब्दुल करीम हे त्यांचे मित्र. राणीने हिंदुस्थानीत लिहिलेल्या रोजनिशीवर रफिउद्दीन यांनी लेख लिहिला आणि तो डिसेंबर 1892 मध्ये लंडनच्या 'स्ट्रँड' मासिकात छापून आला. साम्राज्याची सम्राज्ञी आपली लिपी गिरवते, हे इंग्रज वाचकांना एका पुणेकर मुस्लिमाने दाखवले.

पण दरबारातल्या अधिकाऱ्यांचा त्यांच्यावर विश्वास नव्हता. मुन्शींकडून सरकारी गुपिते मिळवून ते ती बाहेर पोचवतात, असा संशय घेतला गेला. सिद्ध काहीच झाले नाही. तरीही 1897 मध्ये राणीचा मुक्काम फ्रान्समधील नीस येथे असताना तिथे आलेल्या रफिउद्दीन यांना परत जायला लावण्यात आले. राणीचा लोभ होता आणि अधिकाऱ्यांचा पहाराही होता. पुढे ते मायदेशी परतले, मुंबई प्रांताचे मंत्री झाले, 'सर' झाले. तरुणपणी आपल्यावर कोणाची नजर आहे, हे ज्याला सतत जाणवले, त्याने कटुता धरून घरी बसणे पसंत केले नाही.

पाश्चात्त्य देशांत आजही असे दोन्ही अनुभव येतात. फ्रान्सने 2004 मध्ये सरकारी शाळांत हिजाबसह ठळक धार्मिक चिन्हांना बंदी केली. स्वित्झर्लंडमध्ये 2009 मध्ये सार्वमत घेऊन नवे मिनार बांधण्यास मनाई झाली; 57 टक्क्यांहून अधिक मते मनाईच्या बाजूने पडली. 2017 च्या रमजानमध्ये लंडनच्या फिन्सबरी पार्क भागात तरावीहची नमाज आटोपून रस्त्यावर आलेल्या लोकांवर एकाने गाडी घातली. एक जण दगावला, अनेक जखमी झाले. संतापलेला जमाव हल्लेखोरावर धावला, तेव्हा तिथल्या इमामांनी आणि काही नमाजींनी मध्ये उभे राहून त्याला वाचवले आणि पोलिसांच्या ताब्यात दिले. रोजा म्हणजे केवळ भूक मारणे नव्हे, रागही आवरणे, असे रमजानमध्ये सांगितले जाते. त्या रात्री ते रस्त्यावर दिसले.

2024 च्या जुलैमध्ये इंग्लंडच्या साउथपोर्ट गावात तीन लहान मुलींची हत्या झाली. हल्लेखोर मुस्लिम असल्याची खोटी अफवा पसरली आणि दुसऱ्याच दिवशी जमावाने तिथल्या मशिदीवर विटा-दगड फेकले. त्यानंतरच्या सकाळी त्याच गावातले लोक झाडू, थापी, विटा घेऊन आले. रस्ता झाडला, मशिदीची पडलेली भिंत पुन्हा उभारली. त्यांत गवंडीकाम करणारे साधे शेजारी होते. 2021 मध्ये लेस्टर सिटी आणि क्रिस्टल पॅलेस यांचा फुटबॉल सामना सूर्यास्तानंतर क्षणभर थांबला, रोजेदार खेळाडूने घोटभर पाणी पिऊन रोजा सोडला आणि खेळ पुढे सुरू झाला. कायदा माणसाला हक्क देतो. पण रोजा कधी सुटतो याची आठवण ठेवण्याचे काम कायद्याचे नाही. ते शेजाऱ्याचे आहे.

ही गोष्ट तिसगावच्या वाचकांनाही लागू पडते. जिल्ह्यातल्या श्रीगोंद्याच्या संत शेख महंमदांनी शतकांपूर्वी 'योगसंग्राम' मराठीत लिहिला. त्यांच्या भाषेला कोणी परकी म्हटले नाही; वारकऱ्यांनी त्यांना संत मानले. याच मातीत, तिसगावपासून जवळच असलेल्या मढी येथे 2025 मध्ये कानिफनाथांच्या यात्रेत मुस्लिम व्यापाऱ्यांना दुकाने लावू देऊ नयेत, असा ग्रामसभेचा ठराव झाला आणि राज्यभर वाद उठला. परदेशात बसलेल्या मुलांनी तो मोबाइलवर वाचला असणार. स्वित्झर्लंडचे सार्वमत वाचून हळहळणाऱ्याला आपल्या दारचा ठराव वाचून काय वाटले असेल, याचा विचार ज्याने त्याने करावा. हातांची संख्या मोजून शेजार ठरवायचा, तर जगात प्रत्येक जण कुठे ना कुठे कमीच भरणार आहे. इथला बहुसंख्य मराठी माणूस लंडनमध्ये पाऊल ठेवताच अल्पसंख्य होतो. तिथे त्याला हवा असतो तोच शेजार इथे दुसऱ्याला हवा असतो.

मुस्लिम समाजालाही यातून घेण्यासारखे आहे. परदेशातल्या तरुणाला आपला धर्म सोप्या शब्दांत समजावून सांगावा लागतो, म्हणून तो स्वतःही नीट समजून घेतो. 2013 पासून लंडनमध्ये भरणाऱ्या खुल्या इफ्तारला कोणत्याही धर्माचा माणूस येऊन बसतो. आपल्याकडे इफ्तार पार्ट्या होतात, पण त्यांत पुढाऱ्यांच्या खुर्च्या जास्त आणि गल्लीतले शेजारी कमी असतात. हे उलटे करता येईल. त्यासाठी मांडव लागत नाही. एक चटई आणि थोडी खजूर पुरते.

आज संध्याकाळी पुन्हा अजान होईल. फळवाला पुन्हा घाई करील, रुमालाखालचे ताट पुन्हा उंबरा ओलांडेल. दूर देशात कोणा मुलाच्या फोनवर ते दिसेल. तिथल्या ऑफिसात त्याला विचारले गेले, "तुमच्याकडे हे सारे कसे असते?", तर त्याला हे ताट अभिमानाने दाखवता आले पाहिजे. ते तसेच जात-येत राहील, एवढे आपल्या हातात नक्कीच आहे.