प्रचाराचा व्हिडिओ वेगळा, निवडणुकीचा माहितीपट वेगळा. चिलीचं उदाहरण समजून घेऊ

निवडणूक लागली की मोबाईलवर प्रचाराच्या व्हिडिओंचा पाऊस पडतो. हार-तुरे दिसतात, घोषणा ऐकू येतात. मतदाराचं म्हणणं मात्र कुठंच नसतं. माहितीपट इथंच वेगळा ठरतो. त्याचं ठळक उदाहरण म्हणजे दक्षिण अमेरिकेतल्या चिली देशावरचा ‘द बॅटल ऑफ चिली’. दिग्दर्शक पात्रिसिओ गुझमान.

१९७० साली समाजवादी, कम्युनिस्ट आणि इतर काही पक्षांच्या आघाडीचे साल्वादोर अलेंदे साधारण ३६ टक्के मतांवर राष्ट्राध्यक्ष झाले. तांब्याच्या खाणी सरकारी झाल्या, मोठ्या जमीनदारांच्या जमिनी ताब्यात घेण्याचं काम वेगात सुरू झालं. मार्च १९७३ मध्ये संसदेची निवडणूक आली, तेव्हा विरोधकांनीही आपली मोट बांधली. अलेंदेंना पदावरून काढायचं तर त्यांना दोन तृतीयांश बहुमत लागणार होतं.

याच प्रचारात गुझमान यांची छोटी टीम कॅमेरा घेऊन फिरली. रस्त्यावर, सभेत, श्रीमंतांच्या घरातसुद्धा. मत कुणाला, हे दोन्हीकडच्यांना विचारलं. विरोधकांना निम्म्याहून जास्त मतं पडली, पण दोन तृतीयांशचा पल्ला गाठता आला नाही. सत्ताधारी आघाडी ४३ टक्क्यांच्या पुढं गेली. दोघंही म्हणाले, आम्हीच जिंकलो!

आघाडीतली ओढाताणही यात दिसते. एक गट म्हणायचा, मिळालंय ते आधी पक्कं करू, मधल्या पक्षाशी बोलू. दुसरा म्हणायचा, थांबलो की संपलो. कारखान्यांतल्या बैठकांत कामगार हे उघड बोलतात. निकालाच्या आकड्यांत हे सापडत नाही.

११ सप्टेंबर १९७३ ला लष्करानं सत्ता उलथवली. गुझमान यांना अटक झाली. सुटल्यावर त्यांनी देश सोडला. चित्रीकरणाची रिळं गुपचूप बाहेर काढली गेली आणि क्युबात संकलन होऊन १९७५ ते १९७९ दरम्यान तीन भाग आले. कॅमेरामन होर्हे म्युलर यांना १९७४ मध्ये पकडून नेलं, ते परत आलेच नाहीत.

गुझमान स्वतः डाव्या विचारांचे, हे ते लपवत नाहीत. तरी विरोधी मतदाराचं उत्तर त्यांनी कापलं नाही. पुढच्या वेळी निवडणुकीचा कुठलाही व्हिडिओ बघताना एवढंच तपासा: समोरच्या बाजूचा माणूस त्यात बोलतोय का, आणि त्याचं वाक्य पुरं होऊ दिलंय का?