सगळे सर्व्हर एकदम का थांबवावे लागतात?

ओरॅकल कंपनीने २००१ मध्ये आपल्या डेटाबेस सॉफ्टवेअरच्या ९आय आवृत्तीसोबत ‘रिअल अ‍ॅप्लिकेशन क्लस्टर्स’ म्हणजेच ‘रॅक’ आणले. यात अनेक सर्व्हर सामायिक साठवणीतला एकच डेटाबेस एकाच वेळी चालवतात. एक बंद पडला, तरी उरलेले काम सांभाळतात. मग पॅच, म्हणजे सॉफ्टवेअरमधली दुरुस्ती, लावताना सगळेच बंद ठेवण्याची वेळ का यावी?

खरे तर बरेच पॅच पाळीपाळीने लावता येतात. एक सर्व्हर थांबवायचा, दुरुस्त करायचा, सुरू करायचा, मग पुढचा. या मधल्या काळात जुने आणि नवे सॉफ्टवेअर शेजारी शेजारी चालते.

अडचण नेमकी तिथे आहे. हे सर्व्हर डेटाचे ब्लॉक आणि लॉकची माहिती जलद नेटवर्कवरून एकमेकांना सतत देत असतात. पॅचने या संदेशांची रचनाच बदलली, तर नव्याचा निरोप जुन्याला चुकीचा कळेल आणि डेटा बिघडू शकेल. ११.२ आवृत्तीत डेटाबेसमधल्या जावा यंत्रणेच्या पॅचसाठीही सगळे सर्व्हर एकत्र थांबवावे लागत.

पॅच पाळीपाळीने लावता येतो की नाही, हे त्याच्या रीडमी फाइलमध्ये लिहिलेले असते आणि ‘ओपॅच’ हे साधनही ते सांगते. थांबा टाळता आला नाही, तरी आखडता येतो. सॉफ्टवेअरची दुसरी प्रत वेगळ्या फोल्डरमध्ये तयार करून, डेटाबेस चालू असतानाच तिला पॅच लावतात. ठरलेल्या वेळी सर्व सर्व्हर बंद करून या नव्या प्रतीवरून सुरू करतात. शेवटी ‘डेटापॅच’ डेटाबेसच्या आतले एसक्यूएल बदल करते. ते एकाच सर्व्हरवरून चालवले की पुरते.