तळ्यातली गाय : गवत्या मासा

समुद्रकाठच्या खडकांवरचे शेवाळ चरून जगणारे मासे असतात. आपल्या बारामती-इंदापूर भागात समुद्र नाही. पण गवत चरणारा मासा आपल्यालाही शेततळ्यात पाळता येतो. त्याचे नाव गवत्या. हा मूळचा चीनकडचा. १९५९ साली तो भारतात आणला गेला.

त्याचे दात जबड्यात नसतात, घशात असतात. त्यांनी तो पाणगवत कातरतो. खाल्ल्यातले जवळजवळ निम्मे मात्र त्याला पचतच नाही. ते शेणासारखे पाण्यात पडते. त्या खतावर बारीक जीव वाढतात आणि कटला मासा ते खातो. म्हणजे एकाच्या चाऱ्यावर दोघे पोसतात!

अगदी लहान पिलू गवत खात नाही, बारीक जीवच खाते. म्हणून बोटाएवढी झालेली पिले सोडावीत. प्लॅस्टिक अंथरलेल्या तळ्यात गवत उगवत नाही. तिथे कोवळा लसूणघास कापून टाकावा. औषध फवारलेला मात्र नको.

एक गोष्ट सांभाळा. पावसात तळे भरून वाहिले, तर हा मासा ओढ्याने उजनीच्या जलाशयात जाईल. काठच्या ज्या पाणगवतात देशी मासे अंडी घालतात, तेच तो खाईल. म्हणून सांडव्याला जाळी लावा. गाय पाळावी, पण लोकांच्या उभ्या पिकात सोडू नये.